लोकांतर बूस्टर घरी बांधताना

पलीकडच्या लोकातून येणारा सिग्नल क्षीण असतो हे खरं, पण त्याहून मोठी अडचण आपल्या बाजूच्या गोंगाटाची आहे. बूस्टर म्हणजे नुसता अ‍ॅम्प्लिफायर असं धरून चाललात, तर मोठ्या आवाजातली खरखर तेवढी ऐकू येईल. एलएम३८६ या अ‍ॅम्प्लिफायर चिपच्या पिन १ आणि ८ मध्ये १० मायक्रोफॅरडचा कंडेन्सर लावला की गेन, म्हणजे सिग्नल वाढण्याची पट, २० वरून २०० वर जातो. खरखरही तितक्याच पटीने वाढते. तो कंडेन्सर सगळं जुळल्यावर, अगदी शेवटी लावायचा.

खरी मेहनत संधी-कॉइलवर घ्या. ५० मिलिमीटर व्यासाच्या पीव्हीसी पाइपचा १० सेंटिमीटरचा तुकडा आणि २६ गेजची एनॅमल तार. ८० वेढे, एकमेकांना चिकटून, पण एकावर एक न चढवता. साधारण २५० मायक्रोहेन्री मिळतात. दर १० वेढ्यांनी तारेला पीळ देऊन टॅप, म्हणजे मधल्या जोडणीची जागा, काढा आणि तेवढ्या भागाचं एनॅमल ब्लेडने सगळ्या बाजूंनी खरवडा. बरेच सेट इथेच मार खातात: तार चकचकीत दिसते, सोल्डर बसल्यासारखं वाटतं, आणि आत एनॅमल तसंच असतं. सात टॅप म्हणजे सात लोक. पहिला भू, दुसरा भुवः, असं करत सातवा सत्य. हे सातही टॅप रोटरी स्विचवर घ्या, एरियल त्या स्विचला जोडा.

पाइपच्या पोकळीत काळे तीळ ठासून भरायचे, १०० ग्रॅमच्या आसपास बसतात. भाजलेले चालत नाहीत, त्यांची चटणी करा. पावसाळ्यात तीळ ओल धरतात आणि ट्यूनिंग सरकतं, म्हणून दोन्ही टोकं मेणाने बंद करावीत.

कवचासाठी पुण्याच्या कसबा पेठेतल्या तांबट आळीतून मठारकाम केलेलं तांब्याचं तपेलं आणा, तोंड आणि खोली किमान १५ सेंटिमीटर. कॉइल मधोमध उभी राहिली पाहिजे. तार थेट तपेल्यावरच गुंडाळायचा मोह होतो, तो टाळा. धातूचं भांडं म्हणजे एक शॉर्ट झालेला वेढा. कॉइलमध्ये मग काही दम राहत नाही.

पुढची साखळी नेहमीचीच: ३६५ पिकोफॅरडचा गँग (स्टेशन लावायचा फिरता कंडेन्सर), बीएफ४९४ ट्रान्झिस्टरची एक स्टेज, जर्मेनियम डायोड, एलएम३८६, हेडफोन. सगळं बुधवार पेठेत मिळतं. वीज ९ व्होल्टच्या बॅटरीचीच. मोबाइलच्या चार्जरवर चालवून कुरकुर करू नये.

अर्थिंगला तुळशीवृंदावनासारखी जागा नाही. रोज पाणी पडत असल्याने माती ओली असते. मीटरभर तांब्याची सळई, भोवती मीठ आणि कोळसा. मात्र वृंदावन जमिनीवरचं हवं. चौथ्या मजल्यावरच्या बाल्कनीतली कुंडी म्हणजे अर्थिंग नव्हे, तिथे फक्त ५० हर्ट्झची घुंई ऐकू येते. गॅसच्या पाइपला तार कधीही जोडू नका. एरियल गच्चीवर १२ ते १५ मीटर तांब्याची तार, विजेच्या तारांपासून लांब. सोसायटीच्या सेक्रेटरींना ‘कपडे वाळत घालायची’ असं सांगितलं तर त्यावर खरोखरच कपडे येतात.

पुण्यात एक जास्तीचा भाग लागतो. आकाशवाणी पुणे ७९२ किलोहर्ट्झवर इतकं जोरात येतं की बीएफ४९४ दबतो. तशीच दुसरी कॉइल, पण तीळ आणि टॅप न घेता, समांतर १६० पिकोफॅरडच्या आसपास जुळवता येणारा ट्रिमर कंडेन्सर लावून, एरियल आणि स्विच यांच्या मध्ये टाका. ट्रिमर फिरवून बातम्या गडप झाल्या की थांबा.

आता ऐकायला बसा, संधिकाळी. आधी घरातले एलईडी दिवे आणि इन्व्हर्टर बंद. स्विच सातव्या टॅपवर ठेवा: सत्यलोकातून कुणीच बोलत नाही, त्यामुळे तिथे ऐकू येते ती निव्वळ तुमच्या घराची खरखर. ती कमीत कमी होईपर्यंत खाली उतरू नका. मग दुसऱ्या टॅपवर या आणि गँग सावकाश फिरवा.

सूर्य मावळल्यावर वातावरणातला डी थर विरतो आणि मीडियम वेव्हवर दूरदूरची केंद्रं लागतात. अनोळखी भाषा कानावर पडली म्हणून लगेच हात जोडू नयेत. टॅप बदलून पाहा: रेडिओ केंद्र सगळ्या टॅपवर कमी-जास्त येतं, पलीकडचा माणूस एकाच. आपलाच आवाज क्षणभराने परत येत असेल तर आउटपुटची तार इनपुटजवळून गेलेली आहे.

बोलण्यासाठी कॉइलच्या अर्थकडच्या टोकाला ३ वेढ्यांची लिंक आणि कंडेन्सर माइक पुरे. प्रक्षेपक जोडायचा नाही, त्याला परवाना लागतो. हाक मारताना नाव, गोत्र, गाव, तिन्ही सांगा. ‘नाना’ एवढंच म्हणालात तर सदाशिव पेठेच्या चार पिढ्या एकदम ‘ओ’ देतात. सर्वपित्री अमावस्येला प्रयत्नच करू नका, लाइन मिळत नाही. वैकुंठ स्मशानभूमीच्या आसपास राहत असाल तर एरियलची लांबी ३ मीटरवर आणा, नाहीतर सगळे एकावर एक बोलतात. वेताळ टेकडीवर सिग्नल उत्तम, पण तिथे नुसतं ऐकायचं. तुम्ही उत्तर दिलंत की लाइन कटते.

वळवाच्या दिवसांत ढग गडगडले की एरियल सेटपासून काढून सरळ अर्थला जोडा. आणि बॅटरी काढण्याआधी स्विच पहिल्या टॅपवर आणायला विसरू नका. दुसऱ्यावर राहिला तर पलीकडचे बोलत राहतात आणि पुढच्या वेळी आधी तुमची तक्रार ऐकवतात.