अपघातात घरचं माणूस गेलं तर भरपाईसाठी काय करायचं, बडोद्यातल्या आपल्या लोकांसाठी

माझा मामेभाऊ ३४ वर्षांचा होता, एसी रिपेअरिंग करायचा. हायवेवर मागून ट्रकने उडवलं. तेरा दिवस घरात पैशाचा विषय कोणी काढला नाही, मामी तर म्हणाली मला लेकाच्या जिवाचे पैसे नकोत. तिचं दुःख कळतं हो, पण हे पैसे त्याच्या दोन मुलांचे आहेत, शाळेच्या फीचे आहेत. म्हणून लिहितोय, कारण तेराव्यानंतर सुद्धा आम्ही दोन महिने असेच घालवले.

पहिलं म्हणजे मुदत. मोटर व्हेईकल कायद्यात एप्रिल २०२२ पासून अपघाताच्या तारखेपासून ६ महिन्यांत क्लेम टाकायचा असं आहे. मृत्यूची नाही, अपघाताची तारीख. माणूस महिनाभर आयसीयूत असेल तर तो महिना त्यातच गेला. मुदत उलटली असली तरी घरी बसू नका, वकिलाला दाखवा. आणि अपघात भरूचला झाला म्हणून तिकडे हेलपाटे घालायची गरज नाही, तुम्ही राहता तिथल्या ट्रिब्युनलमध्ये (अपघाताच्या भरपाईचं कोर्ट) क्लेम टाकता येतो, म्हणजे आपल्याकडे दिवाळीपुऱ्याच्या कोर्टात. तिथे भरपाईला वळतर म्हणतात, हा शब्द कानावर असू द्या.

पहिल्या दिवसांत कोऱ्या कागदावर सही नाही म्हणजे नाही! आमच्या वहिनीकडून हॉस्पिटलच्या बाहेर एका वकिलाने कोऱ्या वकालतनाम्यावर (वकील नेमल्याचा कागद) सही घेतली, ती शुद्धीत तरी होती का? नंतर तो म्हणे मिळेल त्यातले इतके टक्के माझे. बार काउन्सिलच्या नियमात वकिलाला निकालाच्या रकमेत हिस्सा ठरवता येत नाही, हे आम्हाला फार उशिरा कळलं. फी आकड्यात ठरवा आणि लिहून घ्या. वकील परवडत नसेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे जा, बायकांना तिथे उत्पन्न न बघता फुकट वकील मिळतो. ट्रकमालकाचा माणूस ५० हजार घेऊन "समाधान" म्हणजे तडजोड करायला आला तर त्यालाही हात जोडून परत पाठवा.

कागद: एफआयआर, पंचनामा, पोस्टमॉर्टेम रिपोर्ट, मृत्यूचा दाखला, समोरच्या गाडीची आरसी, विमा आणि ड्रायव्हरचं लायसन्स (हे पोलिसांकडून मिळतं), सगळ्यांचे आधार, आणि तलाटीकडून पेढीनामू (वारसांची वंशावळ). पोलिसांनी ४८ तासांत पहिला आणि ९० दिवसांत सविस्तर रिपोर्ट ट्रिब्युनलला द्यायचा असतो, तो गेला का हे तपास अधिकाऱ्याला विचारत राहा, लाजू नका.

आता उत्पन्नाचा पुरावा, सगळ्यात जास्त जीव इथेच लावायचा. पगारपत्रक असेल तर प्रश्न नाही. पण आपल्यातले कितीतरी जण फरसाणचं दुकान, रिक्षा, रिपेअरिंग असलं काम करतात, त्यांनी काय दाखवायचं? भावाचा फोन आम्ही रीसेट करणार होतो, बरं झालं नाही केला, त्यात यूपीआयच्या दोन वर्षांच्या नोंदी निघाल्या, शिवाय बिलबुकं आणि दोन गिऱ्हाईकं साक्षीला आली. फोन, सिम, वह्या काही टाकू नका. गेलेली बाई घर सांभाळणारी असेल तरी क्लेम होतो, घरकामाची किंमत कोर्ट धरतं.

हिशोब कसा होतो बघा. सुप्रीम कोर्टाचे २००९ आणि २०१७ चे निकाल आहेत त्यावरून. समजा महिना २०,००० कमाई, स्वतःचा धंदा आणि वय ४० च्या आत, तर पुढच्या वाढीचे ४० टक्के धरून २८,०००. वर्षाचे ३,३६,०००. मागे बायको, दोन मुलं, आई असे चौघं अवलंबून, म्हणून त्याच्या स्वतःच्या खर्चाचा चौथा हिस्सा वजा, राहिले २,५२,०००. ३१ ते ३५ वयाला १६ ने गुणतात, झाले ४०,३२,०००. वर अंत्यविधी वगैरेची ठरलेली रक्कम आणि व्याज. म्हणून २०,००० ऐवजी कोर्टाने १२,००० धरले तर केवढा फरक पडतो ते बघा.

त्याच मोटर व्हेईकल कायद्याच्या कलम १६४ खाली चूक कोणाची हे सिद्ध न करता ५ लाख मिळतात. पण ते स्वीकारले की कलम १६६ ची मोठी केस, म्हणजे वरच्या हिशोबाचा नेहमीचा क्लेम, संपते, त्यामुळे विमावाल्यांच्या कागदावर सही करण्याआधी वरचा हिशोब मांडून बघा. चूक आपल्याच माणसाची असेल, किंवा समोर कोणी नव्हतंच, तर त्याच्या स्वतःच्या गाडीच्या पॉलिसीत मालक-चालकाचा १५ लाखांचा अपघात विमा आहे का ते शोधा. बँकेतून वर्षाला २० रुपये कापले जात असतील तर तो प्रधानमंत्री सुरक्षा विमा, २ लाखांचा, तो वेगळा मागायचा.

गाडी पळून गेली आणि सापडलीच नाही तर हिट अँड रनचे २ लाख आहेत. अर्ज प्रांत किंवा मामलतदार कचेरीत, मंजुरी कलेक्टरची. पुढे गाडी सापडली तर नेहमीचा क्लेम करता येतो, हे २ लाख त्यातून वळते होतात.

पैसे येतील तेव्हा मुलांचा वाटा ट्रिब्युनल बहुतेक वेळा एफडीत ठेवतं. बाकीच्यासाठी बायकोचं एकटीच्या नावाचं खातं आधीच उघडून ठेवा, दीर-सासऱ्यांबरोबर जॉइंट नको, आणि पासबुक तिच्याच हातात राहू द्या.