मालवणला स्नॉर्कलिंगला जाताय? मग आधी तिथी बघा

मालवणला स्नॉर्कलिंग (मास्क आणि श्वासाची नळी लावून पाण्यावर तरंगत खालचं बघणं) करायचं ठरलं की लोक पहिलं विचारतात रेट काय आणि व्हिडिओ मिळणार का. दोन्ही विचारा, पण त्याआधी कॅलेंडरवर तिथी बघा. पाण्यात मिळतात जेमतेम २०-३० मिनिटं, त्यातली पहिली काही श्वास बसण्यात जातात, आणि उरलेल्या वेळात खालचं प्रवाळ नीट दिसणार की नुसतं हिरवट गढूळ पाणी दिसणार हे तुम्ही कुठल्या दिवशी किती वाजता उतरलात त्यावर असतं, बोटवाला कितीही चांगला असला तरी.

सीझन म्हणजे साधारण ऑक्टोबर ते मे. पावसाळ्यात मे अखेरपासून ऑगस्ट अखेरपर्यंत वॉटर स्पोर्ट्स बंदच असतात आणि ते योग्यच आहे. ऑक्टोबरच्या सुरुवातीला खाड्यांतून आलेला गाळ अजून बसलेला नसतो, म्हणून माझं मत विचाराल तर नोव्हेंबर अखेर ते फेब्रुवारी. मे महिन्यात शाळांना सुट्टी असते म्हणून गर्दी तेव्हाच होते, पण तेव्हा वारा वाढलेला असतो आणि समुद्र कधी उसळेल सांगता येत नाही. २०२२ च्या मे महिन्यात तारकर्लीला स्कूबाहून परतणारी बोट उलटून दोन पर्यटकांचा जीव गेला होता, ते विसरू नका.

आता तिथीचं गणित. कोकणात जुनी माणसं भरतीची वेळ अशी काढतात: तिथीला ३ ने गुणायचं, ४ ने भागायचं, येईल ती पूर्ण भरतीची साधारण वेळ. म्हणजे अष्टमीला ६, दशमीला साडेसात, पौर्णिमेला सव्वाअकरा. थोडं मागेपुढे होतं पण प्लॅनिंगला पुरतं, शिवाय मोबाईलवर टाइड टेबल, म्हणजे भरती-ओहोटीचं वेळापत्रक, आहेच. अमावस्या-पौर्णिमेच्या आसपास उधाण असतं, पाणी जोरात ओढतं आणि तळाची वाळू उचलून वर आणतं. त्याउलट अष्टमी ते दशमीला भांग असते, भरती-ओहोटीतला फरक कमी, ओढ कमी, पाणी त्यातल्या त्यात स्वच्छ. आणि गंमत बघा, याच दिवसांत भरती सकाळी ६ ते साडेसातला पूर्ण होते, म्हणजे ७-८ वाजता उतरलात तर पाणी भरलेलं, वारा पडलेला आणि गर्दीही नाही. दुपारी वारा सुटला की लाटा नळीत शिरायला लागतात. त्यामुळे शनिवार-रविवार धरून बसू नका, शक्य असेल तर आठवड्यातली अष्टमी-नवमी पकडा आणि सकाळची पहिली बोट मागा.

पोचायला कुडाळ स्टेशन सोयीचं, तिथून मालवण साधारण ३० किलोमीटर. स्नॉर्कलिंग चालतं ते सिंधुदुर्ग किल्ल्याच्या आसपासच्या खडकांवर. हा सगळा भाग १९८७ साली जाहीर झालेल्या मालवण सागरी अभयारण्यात येतो, क्षेत्र जेमतेम २९ चौरस किलोमीटर. अंदमान-लक्षद्वीपचे फोटो डोक्यात ठेवून येऊ नका, इथे चांगल्या दिवशी ५-६ मीटर दिसलं तरी खूप झालं. पण खडक उथळ आहेत त्यामुळे तेवढंही भरपूर असतं.

बुकिंग करताना रेटशिवाय चार गोष्टी विचारून घ्या. एका गाईडबरोबर किती माणसं पाण्यात उतरणार (मी तर दोनच्या वर नकोच म्हणेन, मुलं असतील तर एकाला एक), लाईफ जॅकेट बोटीत चढल्यापासून देणार की फक्त पाण्यात, बोटीची परवानगी आणि क्षमता काय, आणि गाईड स्वतः पाण्यात सोबत असणार की नुसता वरून दोरी धरून बसणार. यातल्या कशाचंही उत्तर उडवाउडवीचं आलं तर दुसरीकडे जा, किनाऱ्यावर पर्याय खूप आहेत. इथले बरेच गाईड मच्छीमारांच्या घरातलेच असतात, लहानपणापासून ह्याच पाण्यात वाढलेले, आणि त्यांच्यातला एखादा "आज पाणी चांगलं नाही, उद्या या" म्हणाला तर त्याचं ऐका, तो स्वतःचा धंदा सोडून तुम्हाला खरं सांगतोय.

पोहता येत नसलं तरी चालतं, जॅकेट असतं, बहुतेक वेळा धरायला रिंगही देतात. पण दमा, हृदयाचा त्रास, फिट येणं, गरोदरपण, कान फुटणं असं काही असेल तर आधी डॉक्टरांना विचारा आणि गाईडलाही सांगा, लपवू नका. सर्दी असेल तर त्या दिवशी जाऊ नका. आदल्या रात्री दारू नको. सकाळी हलकं खा, एखादं केळं किंवा दोन इडल्या, पण उपाशीपोटी बोटीत बसाल तर जास्त मळमळतं. बोट लागत असेल तर गोळी निघायच्या अर्धा-एक तास आधी घ्यावी लागते, उलटी व्हायला लागल्यावर घेऊन उपयोग नाही, आणि या गोळीने झोप येते हेही लक्षात ठेवा.

कपडे म्हणजे फुल बाह्यांचा अंगाला बसणारा टी-शर्ट आणि लेगिंग्स, बायका-पुरुष दोघांनाही. जीन्स, ओढणी, सुती सैल कुर्ता काहीच नको, भिजून जड होतं आणि पायात अडकतं. पाठ आणि पोटऱ्या सतत वर असतात, तिथेच सगळ्यात जास्त भाजतं, त्यामुळे कपडा हाच खरा सनस्क्रीन. क्रीम लावायचंच असेल तर फक्त उघड्या भागाला, आणि ऑक्सिबेंझोन असलेलं टाळा, प्रवाळाला ते घातक मानलं जातं म्हणून हवाईने २०२१ पासून तसल्या क्रीमच्या विक्रीवर बंदी घातली. अंगठ्या, मंगळसूत्र, कानातलं रूमवर ठेवून या, गार पाण्यात बोटं आकसतात आणि अंगठी कधी निसटली कळतही नाही.

आता मास्क, इथे खरी मेहनत घ्या. पट्टा न लावता मास्क नुसता चेहऱ्यावर ठेवा आणि नाकाने हलकेच श्वास आत ओढा. हात सोडल्यावर मास्क चिकटून राहिला तर तो तुमचा. खाली पडला तर दुसरा मागा, लाजू नका, बोटीत दोन-तीन साइज असतात. रबराच्या कडेखाली एक केस जरी आला तरी पाणी शिरतं, म्हणून केस मागे बांधा, आणि मिशीवाल्यांनी मिशीवर थोडं व्हॅसलीन लावा म्हणजे वरच्या ओठापाशी सील बसतं. पट्टा करकचून आवळू नका, उलट गळती वाढते. काच धुरकट होऊ नये म्हणून कोरड्या काचेला आतून थुंकी लावून चोळायची आणि एकदाच पाण्यातून काढायची. ऐकायला कसंतरी वाटतं पण जगभर हेच करतात. चष्मा मास्कच्या आत बसत नाही, त्यामुळे नंबर मोठा असेल तर नंबरवाला मास्क मिळतो का ते बुकिंगच्या वेळीच विचारा.

नळी दातात हलकी धरायची, ओठ बाहेरून घट्ट मिटायचे, आणि श्वास फक्त तोंडाने. बोटीतून थेट उडी मारायची घाई नको. आधी रिंग किंवा शिडी धरून नुसता चेहरा पाण्यात घाला आणि हळूहळू श्वास घेत राहा. सुरुवातीला छातीत धडधडतं, मेंदू म्हणतो पाण्यात तोंड आहे, श्वास घेऊ नको. घेत राहा. श्वास सोडताना लांब सोडा, मनात चार आकडे मोजत. धडधड थांबली की मगच रिंगपासून लांब. नळीत पाणी आलं तर डोकं वर न काढता तोंडाने जोरात "टू" करून फुंका, पाणी वरून उडून जातं. हे बोटीजवळच दोन-तीनदा करून बघा, मग मधेच लाट आली तरी घाबरायला होत नाही. खूण पण ठरवून घ्या: अंगठा आणि पहिल्या बोटाचा गोल म्हणजे ठीक आहे. नुसता अंगठा वर दाखवला तर पाण्यातल्या भाषेत त्याचा अर्थ "वर चला" असा होतो, आणि आपण सगळे सवयीने तोच दाखवतो.

एकदा तरंगायला लागलात की काही करू नका. खरंच. हात पोटाशी, पाय सरळ, मारायचेच तर मांडीपासून हळू. सायकल मारल्यासारखे पाय मारले की वाळू उडते, मासे पळतात आणि तुमचा दम जातो. मास्कमधून सगळं जवळ आणि जवळपास एक तृतीयांश मोठं दिसतं, त्यामुळे खडक वाटतो तेवढा जवळ नसतो, घाबरून पाय खाली सोडू नका. स्थिर राहिलात की दोनेक मिनिटांत मासे परत येतात. पिवळट पाठीचे, काळे पट्टेवाले सार्जंट मेजर सगळ्यात आधी. मग जोडीने फिरणारे बटरफ्लाय फिश. एखादा छोटासा डॅमसेल बघा, त्याची खडकावरची शेवाळाची एक वीतभर जागा असते आणि ती राखायला तो आपल्या चौपट मोठ्या माशावर धावून जातो, माणूस जवळ आला तरी मागे हटत नाही. पोपट मासा दिसला तर त्याच्यामागे न जाता जागेवरूनच बघा, चोचीने खडक खरवडतो आणि थोड्या वेळाने मागून वाळूचा झोत सोडतो. आणि कान देऊन ऐका, पाण्यात सतत तडतड आवाज येतो, तो बारीक कोळंबीसारख्या पिस्तूल झिंग्यांचा.

ते गोलसर, पिवळट-तपकिरी दगड दिसतात ना, ते दगड नाहीत, जिवंत प्रवाळ आहे. वरच्या पातळ थरात हजारो बारीक जीव असतात, आणि त्यांच्या शरीरात राहणारं शैवाल त्यांना अन्न आणि रंग देतं. पाणी फार तापलं की ते शैवाल बाहेर पडतं आणि प्रवाळ पांढरं पडतं. पोराइट्स जातीचं प्रवाळ सगळ्या बाजूंनी वर्षाला साधारण १ सेंटिमीटर वाढतं, म्हणजे फुटबॉलएवढा गोळा व्हायला १०-१२ वर्षं गेली. त्यावर पाय ठेवून फोटो काढायला लागतात दोन सेकंद. म्हणून उभं राहायचं नाही, धरायचं नाही, दमलात तर रिंग धरा किंवा गाईडचा हात. शिवाय खडकात काळे लांब काटेवाले समुद्री साळू असतात, पाय ठेवलात तर काटा आत मोडतो.

आणि ब्रेड. काही ठिकाणी मासे गोळा व्हावेत म्हणून ब्रेड किंवा बिस्किटं टाकतात, व्हिडिओ छान येतो हे खरं. पण शेवाळ खाणाऱ्या माशांना ब्रेडची सवय लागली की ते शेवाळ खायचं सोडतात, आणि शेवाळ वाढलं की प्रवाळ खाली गुदमरतं. बोटीत बसतानाच गाईडला प्रेमाने सांगा, "दादा, आम्हाला ब्रेड नको, तसंच दाखवा." पर्यटकच नको म्हणायला लागले तर कोण कशाला टाकेल.

खाली डुबकी मारून बघायची इच्छा होतेच. पोहता येत असेल तरच, गाईडला सांगून, आणि डुबकीआधी भराभर दहा-बारा दीर्घ श्वास घेऊ नका, त्याने श्वास घ्यायची जाणीवच उशिरा होते आणि माणूस पाण्यातच बेशुद्ध पडू शकतो. थंडी वाजायला लागली, पायात गोळा आला, कंटाळा आला तरी लगेच वर या, पैसे वसूल करायला थांबू नका.

किनाऱ्यावर किंवा पाण्यात सापडलेला प्रवाळाचा तुकडा घरी आणू नका, कडक प्रवाळ वन्यजीव कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात आहे, मेलेला तुकडासुद्धा धरून. परत येताना बोटीत गाईडला माशांची मालवणी नावं विचारा, त्याला सगळी येतात आणि सांगायला आवडतंही. टिप द्यायची असेल तर व्हिडिओ काढणाऱ्याच्या आधी, पाण्यात तुमचा हात ज्याने धरला होता त्याला द्या.