ठाण्यात कथालोक कसा वसवावा

कथालोक म्हणजे असं जग, जिथे सगळं गोष्टीच्या रीतीने घडतं. राज्य धाकट्यालाच मिळतं. ‘त्या खोलीत जाऊ नकोस’ म्हटलं की कोणीतरी जातंच. दाराशी आलेल्या म्हातारीला हाकललं की घराचे वासे फिरलेच म्हणून समजा. असं जग कथेसाठी रचा, मित्रमंडळींबरोबर फासे टाकून खेळायला रचा, नाहीतर मे महिन्यात घरात धुडगूस घालणाऱ्या पोरांसाठी रचा, पद्धत एकच. आणि ते ठाण्यातच वसवा. गाव ओळखीचं असलं की नियमाने काय उलटापालट केली ते चटकन दिसतं. काल्पनिक डोंगररांगा आखत बसण्याचा वेळ वाचतो तो वेगळाच.

पायरी १: नियम गोळा करा, पण मोजकेच

माल घरातच आहे. श्रावणातल्या कहाण्या काढा. आटपाट नगर, आवडती राणी, नावडती राणी आणि ‘उतू नये, मातू नये, घेतला वसा टाकू नये’. हे शेवटचं तर सरळ कलमच आहे: वसा टाकला की दैन्य, पुन्हा घेतला की वैभव, मधे कोर्टकचेरी नाही. बाहेरचंही हवं असेल तर डेन्मार्कच्या अक्सेल ओलरिक यांनी 1909 साली लोककथांचे नियम मांडले होते: गोष्टी तीनदा घडतात, आणि एका प्रसंगात एका वेळी दोनच पात्रं वावरतात. रशियाच्या व्लादिमीर प्रॉप यांनी 1928 मध्ये अद्भुतकथांतून 31 घटनाप्रकार वेगळे काढले. त्यात मनाई आणि पाठोपाठ मनाईचा भंग अशी जोडीच आहे.

यातले तीन उचला. पाच घेतलेत तर खेळणारे गोंधळतात, दहा घेतलेत तर तुम्हीच. मी इथे तिनाचा (पहिले दोघे फसतात, तिसरा जिंकतो), मनाईचा आणि दोघांचा घेतो. तिनाचा नियम ठाण्याला शोभतोही. 16 एप्रिल 1853 रोजी बोरीबंदरहून ठाण्याला जी पहिली प्रवासी गाडी आली, तिला इंजिनं तीन होती: साहिब, सिंध आणि सुलतान. कथालोकातला इतिहासकार सांगेल, दोनच असती तर गाडी भायखळ्यालाच अडली असती.

पायरी २: पळपुटे शब्द खोडा

‘सहसा’, ‘बहुतेक’, ‘शक्यतो’ नकोत. ‘मनाई मोडली जाते’, बस्स. नियम कोणी केला, कुठल्या देवाने, हे सांगत बसू नका. पाणी उताराकडेच का जातं, हे सोसायटीच्या मीटिंगमध्ये कोणी विचारत नाही.

पायरी ३: गावाला नियम पाठ असू द्या

खरी मजा इथे आहे आणि बहुतेक जण इथेच कंजुषी करतात. नियम एकट्या नायकाला ठाऊक, बाकी गाव बावळट, असं जग दोन पानांत मरतं. तिथल्या शेंबड्या पोरालाही नियम माहीत हवेत आणि सगळ्यांनी आपापले संसार त्याप्रमाणे लावून घेतलेले हवेत.

नौपाड्यातल्या सोसायटीच्या फाटकावर ‘येथे गाड्या लावू नयेत’ ही पाटी नाही. पाटी लागली की गाडी आलीच. (आपल्या ठाण्यातही तेच होतं, पण ते सोडा.) दहावीच्या वर्षात घराघरांतून एकच आरोळी ऐकू येते, ‘खबरदार बीजगणिताला हात लावलास तर!’

सकाळच्या लोकलमध्ये चौथ्या सीटवरून दोघी भांडताहेत. तिसरी ‘अहो, जरा सरका ना’ म्हणायला तोंड उघडते, पण आवाजच फुटत नाही, कारण प्रसंगात दोन माणसं भरली. मुलुंड येईपर्यंत बाकीचा अख्खा डबा हातवाऱ्यांवर.

तलावपाळीवर जा. आजीबाई कठड्याला टेकून बसल्यात, बाजूला भाजीची पिशवी. पिशवी उचलून देणाऱ्याला वर मिळणार, हे सगळ्यांना माहीत. पण पहिले दोघे फुकट जाणार, हेही माहीत. त्यामुळे चणेवाल्याच्या आडोशाला चार तरुण एकमेकांना ढकलताहेत, ‘आधी तू जा ना.’ आजी वैतागून स्वतःच पिशवी उचलतात आणि चालायला लागतात. दोन नियम एकमेकांना अडकले की असा प्रसंग आपोआप तयार होतो, तुम्हाला शोधावा लागत नाही.

प्रत्येक नियमापुढे वहीत तीन गोष्टी लिहा: फायदा कोणाचा, हाल कोणाचे, आणि त्याचा धंदा कोणी मांडला. धंद्याचा रकाना सगळ्यात सुपीक. तिनाच्या नियमावरून मला जांभळी नाक्यावरचा एक ठेकेदार सापडला. त्याच्या गाळ्यावर पाटी: ‘दोन अपयशी भाड्याने मिळतील’. मुलाखत असो, लग्नाची मागणी असो, आधी त्याची दोन माणसं जाऊन हात हलवत परत येतात, मग गिऱ्हाईक आत शिरतं.

पायरी ४: वेस आखा

खाडी तयारच आहे. पलीकडची नवी मुंबई 1970 साली स्थापन झालेल्या सिडकोने आखून, सेक्टर पाडून वसवली, तेव्हा तिकडे आखीव कथेचा नियम लावा: जे दाखवलं ते पुढे वापरलं गेलंच पाहिजे. वाशीत जानेवारीत कोणी छत्री विकत घेत नाही, शेजारीपाजारी मारतील. ट्रान्स हार्बरच्या गाडीत ऐरोलीच्या आत लोक पिशव्या तपासून नको ते काढून टाकतात.

पायरी ५: पळवाट ठेवा, पण नियम मोडू नका

नमुना वेताळाचा. उत्तर माहीत असून विक्रम गप्प राहिला तर डोक्याची शकलं होणार, बोलला तर वेताळ पुन्हा झाडावर. दोन्हीकडून दार बंद. सुटका होते ती शेवटच्या गोष्टीत, नात्यांचा गुंता असा पडतो की राजाला उत्तरच येत नाही. गप्प बसला, तरी नियम शाबूत. तुमची पळवाट याच जातीची हवी. ऐनवेळी देव उतरवलात तर ती लबाडी झाली.

पायरी ६: पोरांकडून तपासून घ्या

आठ-दहा वर्षांच्या मुलाला नियम सांगा आणि गप्प बसा. मोठी माणसं कौतुक करतात, मुलं भोकं पाडतात. ‘तिळं झाली तर तिसरा कोण?’ हा प्रश्न येणारच. उत्तर लगेच नियमाखाली लिहून ठेवा.

त्या ठेकेदाराचंही असंच एक भोक आहे. एका माणसाला तो दोनच कामं देतो, कारण तिसऱ्यांदा गेला तर तो यशस्वी होणार आणि गिऱ्हाइकाची नोकरी किंवा नवरी घेऊन येणार. आता समजा, दोन कामं उरकलेला एक जण नाव बदलून पुन्हा रांगेत उभा राहिला. मुलाखतीच्या दाराशी तो पहिला आहे, म्हणून पडायला हवा. स्वतःच्या हिशेबात तिसरा आहे, म्हणून जिंकायला हवा. मोजणी दाराची धरायची की माणसाची, हे खेळ सुरू करण्याआधी ठरवा. मी माणसाची धरतो. ठेकेदाराचं दिवाळं निघतं, पण गोष्ट पुढे सरकते.