तात्याची थाप कागदावर पळवायची कशी

आमच्या यावल-रावेरकडे रात्री केळीला पाणी द्यायला गेलेला माणूस बिबट्या न दिसता परत आला, तर पारावर त्याला कोणी विचारत नाही. अशी एखादी थाप पकडा. तिचं कागदावर काढलेलं, दहा सेकंदांचं हलतं मूकचित्र तयार होतं. थापाड्याला तात्या म्हणू.

हे जुनंच काम आहे. अमेरिकेत जॉन ब्रे यांनी १९१३ साली कर्नल हीझा लायर नावाचा बुटका बाताड्या पडद्यावर आणला. पहिल्याच चित्रात स्वारी आफ्रिकेत शिकारीला! दर चित्रात झाडं-डोंगर पुन्हा काढायचे कोणी? ब्रेंनी मागचा देखावा छापून घेतला आणि हलणाऱ्या पात्रासाठी जागा कोरी सोडली.

आपल्याला झेरॉक्सवाला आहे. ए-फोर कागदाच्या कडेने केळी, पार, मागे सातपुडा काढा; मध्य मोकळा. साठ प्रती, शाई फिकी. सगळ्या प्रतींना पंचिंग मशीनने एकाच जागी दोन भोकं पाडा आणि फळीवर ठोकलेल्या दोन खिळ्यांत बसवा. हे टाळलंत तर सातपुडा नाचेल. खिडकीच्या काचेवर आधीचा कागद खाली ठेवून पुढचा तात्या काढा, हात-पाय थोडे सरकवून.

मोबाइल वरून घट्ट बांधा, फ्लॅश बंद. प्रत्येक कागदाचे दोन फोटो. मग ते ओळीने जोडायचे; सेकंदाला बारा फोटो धरले की साठ कागदांत दहा सेकंद भरतात. पंखा बंदच हवा, म्हणून मे महिन्यात हे काम पहाटेच उरका.

आता खरी गंमत. आवाज नाही, म्हणून थाप पाटीवर लिहायची: ‘वाघ माले देखीसन पयना!’ (वाघ मला बघून पळाला!) पाटी तीन सेकंद ठेवा. एकच फोटो छत्तीस वेळा, ती दहा सेकंदांत धरू नका. लगेच तात्या झाडावर चढलेला दाखवायचा मोह होतो. माझं ऐका, नका दाखवू. चित्रानेही तात्याच्या बाजूने खोटं बोलावं: वाघ खरंच पळतो, तात्या त्याचा कान धरतो, मग त्याला वखराला जुंपतो. दर थाप आधीपेक्षा मोठी, तात्याचा चेहरा मात्र मख्ख. हसरा तात्या काढलात की थाप मेली.

शेवटच्या चार कागदांवर पारावरचा म्हातारा. त्याने फक्त जांभई द्यायची.