कामावरून काढल्यावर दावा लावताना या चुका टाळा

सोलापुरात यंत्रमागावर टॉवेल विणणाऱ्या कामगाराला ‘उद्यापासून येऊ नकोस’ असे तोंडीच सांगितले जाते, तेव्हा त्याच्यापाशी बहुधा नेमणुकीचे पत्र नसते आणि काढल्याचा कागदही नसतो. पुढे मालक न्यायालयात ‘हा आमचा कामगारच नव्हे’ असा जबाब देतो. कामगार कपातीविरुद्ध कायद्याचे संरक्षण मिळावे म्हणून आधीच्या बारा महिन्यांत २४० दिवस काम केल्याचे सिद्ध करण्याची पहिली जबाबदारी कामगाराची असते आणि नुसते शपथेवर सांगणे त्यासाठी पुरत नाही, हे पुष्कळांना उलटतपासणीतच कळते. म्हणून हिशेबाच्या चिठ्ठ्या, भविष्य निर्वाह निधीचा उतारा, ईएसआयचे (कामगार राज्य विम्याचे) कार्ड आणि पासबुक जपावे, तसेच मालकाकडील हजेरीपुस्तक हजर करण्याचा अर्ज वेळीच द्यावा. तारीख आणि विणलेले डझन टिपलेली, तेलाचे डाग पडलेली खिशातली वहीसुद्धा फेकू नये. एकटी ती दुबळी असली तरी पासबुकातील रकमांशी जुळली की तिला वजन येते. दिवस मोजताना पगारी साप्ताहिक सुट्ट्या वगळणे ही आणखी एक चूक. त्या धरायच्या असतात, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८५ मध्येच स्पष्ट केले आहे.

‘दिवाळीनंतर बघू’ म्हणत थांबणे महागात पडते. १९४७ च्या औद्योगिक विवाद कायद्यात काढलेल्या कामगाराला थेट न्यायालयात जाण्यासाठी तीन वर्षे होती. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या औद्योगिक संबंध संहितेत वाद उद्भवल्यापासून दोन वर्षांनंतर समेट अधिकारी (मालक-कामगारांत तडजोड घडवण्यासाठी नेमलेला सरकारी अधिकारी) कार्यवाही करू शकत नाही.

मागील पगार, म्हणजे काढल्यापासूनच्या काळाचा पगार, मागताना आपण बेकार आहोत, किंवा कमी पगारावर काम करतो, हे अर्जात लिहिलेच पाहिजे. दुसऱ्याच्या यंत्रमागावर काम करून ते लपवणारा कामगार साक्षीत उघडा पडतो आणि त्याचा खरा मुद्दाही संशयास्पद ठरतो.

व्यवस्थापनही चुकतेच. कामगार कपात करताना एक महिन्याची नोटीस किंवा तिच्याऐवजी पगार, शिवाय पूर्ण केलेल्या प्रत्येक वर्षामागे १५ दिवसांच्या सरासरी पगाराची भरपाई आधी द्यावी लागते. दावा लागल्यावर पाठवलेल्या धनादेशाने ती उणीव भरून निघत नाही.

तडजोडीची वेळ आली की आपल्याकडे एक अडचण हमखास दिसते: घरी तेलुगू बोलणारा कामगार मराठी मसुद्यावर न वाचताच सही करतो. त्यातील ‘पूर्ण व अंतिम’ या शब्दांबरोबर त्याची ग्रॅच्युइटीची मागणीही वादात सापडू शकते, म्हणून मसुदा आपल्या भाषेत समजावून घ्यावा आणि रक्कम हाती पडल्याखेरीज पावतीवर सही करू नये.