मालकाने भाडं एकदम पाचपट मागितलं तेव्हा काय केलं (माझा अनुभव)

गिरगावात आमची पागडीची खोली आहे (म्हणजे सुरुवातीला मोठी रक्कम देऊन कायमची भाड्याने घेतलेली), आई पन्नासेक वर्षं तिथेच राहतेय. नवीन मालक आला आणि म्हणाला आजूबाजूचा रेट बघा, पाचपट द्या नाहीतर खाली करा. आई पार घाबरली. पण जुन्या चाळीत बाजारभाव चालतच नाही हो! 1999 च्या महाराष्ट्र भाडे नियंत्रण कायद्यात प्रमाण भाडं असतं, म्हणजे कायद्याने ठरलेलं मूळ भाडं: आधी कोर्टाने ठरवलेलं असेल तर ते, नाहीतर 1 ऑक्टोबर 1987 ला जे भाडं होतं ते, आणि दोन्हीवर अधिक 5 टक्के, आणि पुढे मालकाला वर्षाला 4 टक्के वाढ घेता येते. म्हणून सगळ्यात आधी आईच्या ट्रंकेतल्या भाडेपावत्या काढल्या, पिवळ्या पडलेल्या, त्यात 1987 ची सापडली आणि तिथेच निम्मं काम झालं. हिशोब मांडून वकिलांकडून पत्र दिलं, दर महिन्याचा चेक रजिस्टर एडीने (पोचपावती मिळणाऱ्या टपालाने) पाठवत राहिलो, कारण कायदेशीर भाडं भरायची तयारी असली की थकबाकीच्या नावाखाली बाहेर काढता येत नाही. लघुवाद कोर्टात प्रमाण भाडं ठरवायचा अर्जही तयार ठेवला होता, पण तो बघून मालक 4 टक्क्यांच्या हिशोबावर आला आणि पावती द्यायला लागला. पावती दर महिन्याला मागून घ्या, तो तुमचा हक्क आहे.