अंडर-१२ ची टीम घेऊन दोन दिवसांच्या टूर्नामेंटला निघताना

कोल्हापुरातल्या माणसाला फुटबॉल शिकवायला लागत नाही असं आमच्याकडं सगळेच म्हणतात, आणि ते अगदीच खोटं नाही, पेठापेठांच्या टीम, शाहू स्टेडियमची गर्दी, पाटाकडील आणि दिलबहार या दोन टीमची मॅच असली की आमचे आजोबा गच्चीत बसून नुसत्या आवाजावरून गोल कुणी मारला ते सांगायचे. पण पोरांची टीम शनिवार-रविवार पुण्याला न्यायची म्हटल्यावर यातलं काही म्हणजे काही उपयोगाला येत नाही. मी पालकांच्या ग्रुपवर एकदा "मी बघते" लिहिलं आणि कायमची मॅनेजर झाले, तेव्हापासून चुका करत करत जे कळलं ते लिहिते.

एक हिशोब आधी डोक्यात बसवा. शनिवारी लीगच्या तीन मॅच असतात, प्रत्येकी १२-१२ मिनिटांच्या दोन हाफ, म्हणजे पोरं दिवसभरात जास्तीत जास्त ७२ मिनिटं खेळणार, आणि आपण मैदानावर असतो सकाळी सातपासून दुपारी चारपर्यंत. नऊ तास! मॅचची तयारी कोच करतोच हो, उरलेल्या पावणेआठ तासांची कुणीच करत नाही, आणि तिसऱ्या मॅचला पोरं ढेपाळतात ती त्या पावणेआठ तासांमुळं.

सुरुवात कागदांपासून, आठवडा आधी. जन्मदाखला, आधार, दोन फोटो, शाळेचं आयडी मागतील तर ते, आणि वयाची कटऑफ तारीख स्वतः वाचा, बहुतेक ठिकाणी जन्मवर्ष बघतात म्हणजे १ जानेवारी, पण प्रत्येकाचा नियम वेगळा असू शकतो आणि "चालतंय की" म्हणून नेलेलं पोर नोंदणीच्या टेबलावरूनच परत आलं तर त्याचं तोंड बघवत नाही. प्रत्येकाच्या दोन झेरॉक्स एका फाइलीत, ओरिजिनल दुसऱ्या फाइलीत, फोटो मोबाइलमध्ये. आमच्या एका पोराचं ओरिजिनल झेरॉक्सच्या दुकानात मशीनच्या काचेवरच राहिलं होतं, कळलं कधी तर कराड सोडल्यावर, दुकानदाराला फोन केला तर तो म्हणाला झाकणाखाली आहे बघा, कालपासून कोण न्यायला येतंय त्याचीच वाट बघतोय. मग संध्याकाळच्या गाडीनं पाठवलं त्यानं. तेव्हापासून मी ओरिजिनल मोजून घेते, मोजून देते.

नियमांचा पीडीएफ आला की तो कोचला फॉरवर्ड करून मोकळं होऊ नका, वाचा. सात जणांची मॅच आहे का नऊ, ऑफसाइड आहे का, बाहेर गेलेला बॉल हातानं टाकायचा का पायानं, बदली खेळाडू कितीही वेळा आत-बाहेर जाऊ शकतो का, पॉइंट सारखे झाले तर आधी गोल फरक बघणार का आपसातली मॅच, आणि किती मिनिटं उशीर झाला की वॉकओव्हर, म्हणजे न खेळताच समोरची टीम जिंकली. फिक्स्चर, म्हणजे मॅचचं वेळापत्रक, शुक्रवारी रात्री अकराला येतं आणि साडेअकराला बदलतं, ते गृहीत धरा, सकाळी उठल्याबरोबर परत बघा.

आता बूट. आमची पोरं मातीवर आणि थोड्याफार गवतावर खेळतात, पुण्यात बऱ्याच वेळा मॅच टर्फवर, म्हणजे कृत्रिम गवतावर. तिथं मोठ्या स्टडचे, म्हणजे तळाला खुंट्या असलेले बूट बऱ्याच ठिकाणी चालवून घेत नाहीत, आणि चालवले तरी पाय अडकून गुडघा पिरगळायची भीती, खाली बारीक रबरी दाणे असलेले टर्फ शूज लागतात. विकत घ्यायचे तर दोन आठवडे आधी घ्या आणि रोज प्रॅक्टिसला घालायला लावा, कोरे करकरीत बूट पहिल्या मॅचला घातले की दुसऱ्या मॅचला टाचेला फोड ठरलेला. बॉलचं पण तसंच, बारा वर्षांपर्यंत साधारण ४ नंबरचा बॉल असतो, घेर ६३.५ ते ६६ सेंटिमीटर, आणि आपल्या गल्लीत सगळीकडं ५ नंबर, दादालोकांचा. टर्फवर बॉल मातीपेक्षा पळतो लई, पास पायात यायच्या आधीच निघून जातो, त्यामुळं निदान चार-पाच वेळा तासाच्या भाड्यानं टर्फ घेऊन ४ नंबरवर खेळवा. पैसे जातात पण पहिली मॅच तरी अंदाज घेण्यात जात नाही.

शिनगार्ड, म्हणजे नडगीवरचं कवच, सॉक्सच्या आत, त्याशिवाय रेफरी आत सोडत नाही. जर्सीचे दोन रंग न्या, दुसरा सेट नसेल तर जर्सीवरून घालायचे बिब्स न्या, समोरची टीम पण निळीच निघते. गोलकीपरचा रंग सगळ्यांपेक्षा वेगळा. पायाची नखं गुरुवारीच कापून घ्या, शुक्रवारी संध्याकाळी आठवण येते तेव्हा दिवेलागण झालेली असते आणि शनिवारी तर आजी कापूच देत नाही.

आणि दागिने. हे घरी ठणकावून सांगा. नियमांत स्पष्ट आहे, दागिना अंगावर नको, वरून टेप लावली तरी नको. काळा दोरा, गंडा, कडं, कानातलं, सगळं काढायला लावतात. आमच्या टीममधल्या एका मुलीचे कान मॅचच्या आठ दिवस आधी टोचले होते, आई म्हणाली टेप लावू, रेफरीनं बोट हलवून नाही म्हटलं, पोरगी रेषेबाहेर उभी राहून कानाला हात लावून रडत होती आणि आत आमची सहाच जण खेळत होती कारण सातवा टॉयलेटला गेला होता. कान टोचायचे तर सीझन संपल्यावर टोचा.

जायचं शुक्रवारी दुपारी. पहाटे तीनला निघून आठची मॅच खेळवायची आयडिया दरवर्षी कुणीतरी बाबा मांडतातच, त्यांना प्रेमानं गप्प बसवा. अंतर सुमारे २३० किलोमीटर, किणी, तासवडे, आणेवाडी, खेड शिवापूर असे चार टोल, रस्त्याची कामं चालू असली की पाच तासांचे सहा-सात होतात. गाडी लागणारं पोर पुढच्या सीटवर, पिशव्या हाताशी. रात्री वरण-भात, पोळी-भाजी असं ओळखीचं जेवण, दहाला लाइट बंद. ते काही झोपत नाहीत पण निदान आडवी तरी होतात.

खाण्यावर मी जरा जास्तच बोलते, कारण सगळ्यात जास्त घोळ इथं होतो. मॅचच्या दोन-तीन तास आधी पोटभर, पोहे, उपमा, इडली, जे घरी रोज खातात तेच. मधल्या वेळात थोडं थोडं, केळं, राजगिरा लाडू, खजूर, दही-भात डब्यात असेल तर उत्तम. मैदानाबाहेर वडापावची गाडी असतेच आणि वास पण असा सुटतो की मोठ्यांचं मन राहत नाही, तर पोरांना सरळ सांगा, शेवटची मॅच झाली की मी स्वतः घेऊन देते, तोपर्यंत नाही. हे वचन पाळा मात्र. मिसळ रविवारी पण नको, परत यायचंय गाडीतून.

पाणी तहान लागायच्या आधी. नऊ ते बारा वर्षांच्या पोराला खेळताना दर २० मिनिटांनी अर्धा ते एक ग्लास लागतं. प्रत्येकाची बाटली वेगळी, नाव घातलेली, आणि टीमचा एक २० लिटरचा जार. ऊन असेल तर मीठ-साखर घातलेलं लिंबू सरबत चालतं, ओआरएस द्यायचं तर पाकिटावर लिहिलंय तेवढ्याच पाण्यात, एक लिटरचं पाकीट एका लिटरमध्ये आख्खं. अर्ध्या बाटलीत आख्खं पाकीट टाकून "स्ट्राँग केलंय" म्हणणारे पालक मी पाहिलेत.

थांबायची जागा सकाळी पोचल्या पोचल्या धरा, झाडाखाली नाहीतर भिंतीच्या सावलीला, दुपारी सावली कुठं सरकणार ते बघून. ताडपत्री, दोन चटया, पत्ते, उनो. टर्फ उन्हात तापतं, गवतापेक्षा किती तरी जास्त, त्याच्यावर बसू देऊ नका. पहिल्या आणि दुसऱ्या मॅचच्या मध्ये पोरं दुसऱ्या टीमबरोबर रिकाम्या कोपऱ्यात तासभर मॅच खेळतात, हसू नका, खरंच खेळतात, आणि मग खऱ्या मॅचला पाय उचलत नाहीत. बूट काढून घ्या सरळ, चप्पल द्या. चपलेत कोण पळत नाही फारसं.

मॅचच्या २५ मिनिटं आधी वॉर्मअप. फिफाचा ११+ किड्स म्हणून सात व्यायामांचा सेट आहे, लहान मुलांसाठीच बनवलेला, १५-२० मिनिटांत होतो, कोचला माहीत नसेल तर दाखवा. एकदम पहिल्यांदा टूर्नामेंटमध्ये नको, महिनाभर प्रॅक्टिसला करून घ्या.

खेळवायचं कुणाला किती यावरून ग्रुप फुटतात, म्हणून आधीच कागदावर मांडा. दहा पोरं असतील, एक गोलकीपर, उरली नऊ, मैदानात एका वेळी सहा. नऊंचे तीन तीनचे तीन गट पाडा, २४ मिनिटांचे चार चार मिनिटांचे सहा तुकडे करा, दर तुकड्याला एक गट बाहेर. प्रत्येक पोर बरोब्बर १६ मिनिटं खेळतं. गटात एक चपळ, एक मागं उभं राहणारं, एक नवखं असं मिसळा. हा कागद सगळ्या पालकांना गुरुवारीच दाखवा, मग शनिवारी "आमचा बाहेर का" हा प्रश्न येत नाही. येतो, पण कमी येतो. नॉकआउटला, म्हणजे हरलं की बाहेर अशा मॅचला, कोच बदल करेल ते पण तेव्हाच सांगून टाका. पेनल्टी कोण मारणार ते विचारून ठरवा, हात वर करणारा लहानखुरा चालेल, ढकललेला स्ट्रायकर नको.

फर्स्ट एडमध्ये बर्फ, क्रेप बँडेज, निर्जंतुक गॉज, सलाइनच्या छोट्या बाटल्या, कारण टर्फवर घसरलं की मांडी अशी सोलून निघते की आंघोळीला पोर किंचाळतं. जवळचं हॉस्पिटल आधी बघून ठेवा. डोकं आपटलं तर त्या दिवशी ते पोर परत खेळणार नाही, ते कितीही "मी ठीक आहे" म्हणू दे, फायनल असू दे. उलटी, गुंगी, काहीच्या काही बोलणं दिसलं की लगेच हॉस्पिटल.

आणि रेषेवरचे आपण. शाहू स्टेडियमवर ओरडत मोठी झालेली आमची मंडळी, गप्प बसणं रक्तात नाही, पण कोच "थांब" म्हणतो, बाबा "मार" म्हणतात, आणि पोर बॉलवर पाय ठेवून दोघांकडं बघत राहतं, तेवढ्यात बॉल जातो. टाळ्या वाजवा, नाव घ्या, सूचना नको. अनिकेत जाधव २०१७ च्या अंडर-१७ वर्ल्डकपला भारताकडून खेळला तेव्हापासून कोल्हापुरात प्रत्येक बाबाला वाटतं पुढचा आपल्याच घरी आहे, वाटू दे, पण हे त्याला परतीच्या गाडीत ऐकवू नका. हरल्यावर पहिली दहा मिनिटं मॅचवर बोलायचंच नाही, भूक लागली का एवढंच विचारायचं.

रविवारी रात्री कितीही वाजले तरी बॅग उघडा. ओल्या जर्सीत बूट गुंडाळलेले असतात आणि सॉक्समधून टर्फमधले काळे रबराचे दाणे मूठभर निघतात, ते बाहेर अंगणात झटका, मी पहिल्या वेळी तसेच मशीनला टाकले तर पुढचे पंधरा दिवस घरातल्यांच्या पांढऱ्या बनियनवर तीळ सांडल्यासारखं दिसत होतं. बुटांत पेपरचे बोळे घालून पंख्याखाली ठेवा, उन्हात नको, सोल सुटतो.